शेतातला साग तोडायचा आहे? परवानगीपासून वाहतूक परवान्यापर्यंत

साग तुमच्या सातबाऱ्यावरच्या जमिनीत उभा असला तरी तो तोडायला परवानगी लागते. तोडलेले लाकूड शेताबाहेर न्यायला पुन्हा वेगळा परवाना लागतो. ही दोन कामे एकच समजून तोड उरकणाऱ्यांचा माल शेतातच अडकतो, आणि पावसात भिजून, तडे जाऊन त्याचा भाव पडतो.

ग्रामीण भागात महाराष्ट्र वृक्षतोड (विनियमन) अधिनियम, 1964 लागू होतो. त्याच्या अनुसूचीत सागाबरोबर आंबा, फणस, चिंच, मोह, हिरडा, जांभूळ, खैर, चंदन, ऐन, किंजळ, अंजन अशी झाडे आहेत. जमीन नगरपालिका किंवा महापालिकेच्या हद्दीत असेल तर 1975 चा नागरी क्षेत्रासाठीचा कायदा लागतो आणि अर्ज तिथल्या वृक्ष अधिकाऱ्याकडे करायचा असतो. बांबू 2017 च्या दुरुस्तीनंतर भारतीय वन अधिनियमातील झाडाच्या व्याख्येतून वगळला गेला, त्यामुळे स्वतःच्या शेतातल्या बांबूचे गणित वेगळे आहे.

सागाचे मालकी प्रकरण, म्हणजे खासगी जमिनीतल्या झाडांच्या तोडीची फाइल, वनपरिक्षेत्र कार्यालयातून सुरू होते. अर्जात गाव, गट क्रमांक, झाडांची जात, संख्या आणि तोडीचे कारण लिहा. वाळलेले, रोगट, वादळात पडलेले, पूर्ण वाढ झालेले, जीवितास धोका असलेले झाड ही कारणे कायद्यात धरलेली आहेत. नुसते ‘गरज आहे’ असे लिहू नका. सोबत चालू सातबारा, आठ-अ (खात्यावरच्या सगळ्या जमिनीचा उतारा), गटाचा नकाशा, तलाठ्याचा झाडांबाबतचा दाखला, आधारची प्रत आणि सामाईक खाते असेल तर प्रत्येक खातेदाराचे संमतिपत्र जोडा. बहिणींची नावे वारसाने लागलेली असतात आणि त्यांच्या सह्या राहून जातात. प्रकरण परत येण्याचे हे नेहमीचे कारण आहे. झाडांची नोंद सातबाऱ्यावर नसेल तर ई-पीक पाहणीत बांधावरची झाडे नोंदवून घ्या, तलाठ्याचा दाखला मिळणे सोपे जाते. जमीन भोगवटादार वर्ग 2, म्हणजे सरकारच्या परवानगीशिवाय हस्तांतर करता न येणारी, असेल तर झाडांवर हक्क कोणाचा, हे महसूल कार्यालयातून आधीच लेखी घ्या.

सर्वांत जास्त वेळ हद्दीत जातो. शेत वनजमिनीला किंवा गायरानाला लागून असेल तर झाड नक्की मालकीतच आहे हे सिद्ध झाल्याशिवाय फाइल हलत नाही. ही अट योग्यच आहे. ती नसती तर मालकीच्या नावाखाली सरकारी जंगल कापले गेले असते. म्हणून भूमी अभिलेख कार्यालयाकडून मोजणी करून हद्दीच्या खुणा पक्क्या करून घ्या आणि ‘क’ प्रत, म्हणजे त्या मोजणीचा नकाशा, अर्जालाच जोडा. मोजणीला महिने लागू शकतात, तेव्हा सुरुवात तिथूनच करा.

खातेदार अनुसूचित जमातीचा असेल तर 1969 चा स्वतंत्र कायदा आहे. व्यापाऱ्याशी परस्पर सौदा करू नका. विक्री शासकीय यंत्रणेमार्फतच होते. आदिवासी शेतकऱ्याचा साग मातीमोल भावाने जाऊ नये, यासाठीच तो कायदा आहे.

पाहणीला वनपाल, वनरक्षक येतात तेव्हा स्वतः हजर राहा. प्रत्येक झाडाला क्रमांक पडतो, छातीच्या उंचीवर, म्हणजे जमिनीपासून 1.37 मीटरवर गोलाई मोजली जाते आणि बुंध्याशी हातोड्याचा ठसा उमटतो. ती यादी तिथेच वहीत उतरवून घ्या. तोड करताना हा ठसा खुंटावर शाबूत राहिला पाहिजे. ठसाच कापला गेला तर ते झाड परवानगीतले होते हे दाखवायला काहीच उरत नाही.

तोडीनंतर ओंडक्यांची लांबी आणि मधली गोलाई मोजून यादी होते. घनफळ स्वतः काढायला शिका: गोलाईचा चौथा भाग घ्या, त्याचा वर्ग करा, त्याला लांबीने गुणा. मधली गोलाई 90 सेंटिमीटर आणि लांबी 3 मीटर असेल तर 0.225 × 0.225 × 3, म्हणजे सुमारे 0.15 घनमीटर. गोलाई सालीसकट धरली की साल काढून, हे सौद्याआधीच ठरवा. उभ्या झाडांचा ठोक सौदा करणाऱ्याला या हिशेबाशिवाय आपले किती गेले ते कळतच नाही. कोऱ्या अर्जावर किंवा कोऱ्या मुद्रांकावर सही तर कधीच देऊ नका: माल व्यापारी नेतो, पण परवानगी तुमच्या नावावर असते आणि जास्तीची झाडे तुटली तर जाब तुम्हालाच द्यावा लागतो.

शेवटी वाहतूक परवाना. त्यातली नगांची संख्या, घनफळ, वाहन क्रमांक, मार्ग आणि मुदत गाडी भरण्यापूर्वी ताडून बघा. मुदत संपलेला किंवा दुसऱ्या गाडीचा परवाना नाक्यावर चालत नाही आणि माल जप्त होऊ शकतो.

परवानगीपत्रात नवी झाडे लावण्याची अट असेल तर ती पाळाच. सागाचा खुंटही वाया घालवू नका. तो जमिनीलगत, पण ठसा सांभाळून, साल न फाटू देता तिरका छाटलेला असेल तर पाणी साचत नाही आणि पावसाळ्यात त्याला जोमदार फुटवे येतात. त्यातला सर्वांत सरळ आणि जमिनीलगतचा एक ठेवा, बाकीचे काढा आणि पहिली दोन वर्षे गुरे लांब ठेवा.