घुमणारा अ‍ॅम्प आणि पांढरी पाच

"काका, अ‍ॅम्प नुसता घुमूलालाय बघा. व्हॉल्व्ह सगळे नवीन घातले, तरी जाईना."

बेळगावच्या शहापुरातून भर पावसात रिक्षात घालून आणलेला तो गिटारचा अ‍ॅम्प आम्ही दोघांनी मिळून टेबलावर ठेवला. जुना, ब्रिटिश बनावटीचा, ५० वॅटचा. आत आवाज वाढवणाऱ्या काचेच्या नळ्या, म्हणजे व्हॉल्व्ह: शेवटच्या टप्प्यात दोन ईएल-३४, त्याआधी तीन ईसीसी-८३. मुलगा इंजिनिअरिंगच्या तिसऱ्या वर्षाला आहे. दुसऱ्या शहरातल्या एका मेकॅनिकने त्याला फोनवरूनच "व्हॉल्व्ह गेले" असं सांगितलं आणि पोराने साठवलेले हजारो रुपये त्यात घातले. घूं घूं मात्र तशीच.

हा गैरसमज इतका पसरला आहे की त्यावर लिहायलाच हवं. काचेतला लालसर उजेड दिसतो, म्हणून दोषही तिथेच असणार असं माणसाला वाटतं. खरा आजारी असतो तो बहुतेक वेळा खाली पत्र्याच्या पेटीत, अंधारात बसलेला कंडेन्सर. शाळेच्या पुस्तकात त्यालाच धारित्र म्हणतात.

मी आधी अ‍ॅम्पचा आवाज पूर्ण शून्यावर आणला. घुमणं कमी झालं नाही. म्हणजे पहिल्या व्हॉल्व्हपासून आवाजाच्या बटणापर्यंतचा भाग निर्दोष. दोष पुढे, नाहीतर वीज पुरवणाऱ्या भागात. मग कोपऱ्यातली पेटी, म्हणजे हार्मोनियम, ओढली, भाता हलवला आणि खर्जाच्या सुरांतली पांढरी पाच, म्हणजे पाचवी पांढरी पट्टी, दाबली. अ‍ॅम्पचा सूर आणि पेटीचा सूर एकमेकांत मिसळले, पण पुरते नाहीत. वाँव-वाँव, वाँव-वाँव अशी लाट उठली, सेकंदाला साधारण दोनदा. मुलगा बघतच राहिला. पं. रामभाऊ विजापुरे यांनी आयुष्यभर जिथे पेटी शिकवली त्या बेळगावात ही लाट ओळखणारे कान पुष्कळ आहेत. पेटी लावणारा कारागीर पत्ती घासतो, तो हीच लाट घालवण्यासाठी. भौतिकशास्त्रात तिला विस्पंद म्हणतात. दोन सुरांच्या वारंवारतेत जितका फरक, सेकंदाला तितके विस्पंद.

माझी पेटी ४४० हर्ट्झच्या (सेकंदाला ४४० कंपनांच्या) प्रमाण सुराला लावलेली आहे, म्हणून खर्जातली पांढरी पाच ९८ हर्ट्‌झ. विस्पंद दोन. अ‍ॅम्पचा सूर त्याहून किंचित चढा, म्हणजे १०० हर्ट्‌झ. पेटी नसेल तर गिटारची सर्वांत जाड तार तिसऱ्या पट्टीवर दाबा, तोच ९८ मिळेल. परदेशी लोक याच दुखण्याचं वर्णन करताना १२० हर्ट्‌झ म्हणतात, कारण अमेरिकेत वीज ६० हर्ट्‌झची असते. आपल्याकडे तो आकडा धरून बसू नका.

पण आपल्या घरातली वीज तर ५० हर्ट्‌झची, मग १०० कुठून आले? इथेच सगळी गंमत आहे, म्हणून जरा थांबून सांगतो.

घरातली वीज सेकंदाला ५० वेळा पुढे-मागे होते. व्हॉल्व्हला मात्र एकाच दिशेने जाणारी वीज लागते, आणि तीही ४०० व्होल्टच्या आसपासची. ट्रान्सफॉर्मर दाब वाढवतो आणि डायोड उलट्या दिशेचा अर्धा भाग सुलट करून देतात. प्रत्येक फेरीत एक उंचवटा सुलट होता, एक उलट. आता दोन्ही सुलट. म्हणून सेकंदाला १०० उंचवटे. दोन उंचवट्यांच्या मधल्या खळग्यात वीज देण्याचं काम कंडेन्सरचं. आपल्या घरावरच्या टाकीचंच काम ते: राकसकोप धरणाचं पाणी नळाला येईल तेव्हा भरून घ्यायचं आणि नसेल तेव्हा पुरवायचं. टाकी मोठी असेल तर पातळी थोडीच खाली जाते. तळाला गाळ साचून टाकी उथळ झाली की तेवढ्याच वापरात पाणी भराभर उतरतं.

हिशेब मांडू. अ‍ॅम्प साधारण १०० मिलिअँपिअर ओढतो. दोन उंचवट्यांमधलं अंतर १० मिलिसेकंद. प्रवाह गुणिले वेळ भागिले धारिता (कंडेन्सरची साठवणक्षमता). कंडेन्सर ५० मायक्रोफॅरडचा असेल तर दाबाचा हेलकावा जास्तीत जास्त २० व्होल्टचा. तोच सुकून १० मायक्रोफॅरडवर आला तर हिशेब १०० व्होल्टपर्यंत जातो. दोन ईएल-३४ एकमेकांविरुद्ध ओढतात, त्यामुळे दोघांना सारखाच बसणारा हेलकावा स्पीकरला जोडणाऱ्या आउटपुट ट्रान्सफॉर्मरमध्ये बराचसा परस्परांना खोडून काढतो. पण इतका मोठा हेलकावा पुरता खोडला जात नाही, आणि जोडीतले व्हॉल्व्ह सारखे नसले तर आणखीच कमी खोडला जातो. उरलेला भाग स्पीकरमधून बाहेर येतो.

कंडेन्सर सुकतो म्हणजे काय? आत अ‍ॅल्युमिनियमची पातळ पट्टी गुंडाळलेली असते आणि तिच्यावर ऑक्साइडचा थर असतो. दर व्होल्टला साधारण दीड नॅनोमीटर, म्हणजे ४५० व्होल्टच्या कंडेन्सरमध्येही तो मिलिमीटरच्या हजाराव्या भागाहून पातळ. या थराला एका बाजूने पट्टी टेकलेली, दुसऱ्या बाजूने कागदात मुरवलेलं ओलसर रसायन. ते रसायन रबरी बुचातून वर्षानुवर्षं हळूहळू उडून जातं. तापमान दर १० अंशांनी वाढलं की आयुष्य निम्मं होतं असा ठोकताळा आहे, आणि इथे तर शेजारीच ईएल-३४ ची शेगडी पेटलेली.

याच रसायनाचा एक गुण मला फार आवडतो. थराला कुठे छिद्र पडलं तर तिथून झिरपणारी वीजच नवा ऑक्साइड तयार करून ते बुजवते. अ‍ॅम्प दहा वर्षं माळ्यावर पडून राहिला तर थर विरतो. एकदम पूर्ण दाब दिला तर कंडेन्सर फुटू शकतो. दाब सावकाश चढवला तर पुष्कळदा तो स्वतःला दुरुस्त करून घेतो. म्हणून असा अ‍ॅम्प पहिल्यांदा सिरीज लॅम्पवर, म्हणजे वीज आधी एका बल्बातून जाईल अशा जोडणीवरच लावावा. आत शॉर्ट असेल तर ६० वॅटचा पिवळा बल्ब भगभगीत पेटतो आणि अ‍ॅम्प वाचतो. एलईडी बल्ब इथे चालत नाही.

मुलाच्या आईने अ‍ॅम्पची दृष्ट काढली होती. तिची माया खरी आहे, पण कंडेन्सर उष्णतेने सुकतो, नजरेने नाही. आणि १९६० च्या दशकातल्या काचेत काही जादू आहे म्हणून दहापट किंमत घेणारे विक्रेते तीच भीती वेगळ्या रूपात विकतात. व्हॉल्व्हच्या काचेवर निळसर झाक दिसली तर घाबरू नका, ती बहुधा निरुपद्रवी असते. आत वर दिसणारा चंदेरी डाग दुधासारखा पांढरा झाला तरच हवा शिरली असं समजा. तो व्हॉल्व्ह गेला.

आता सर्वांत महत्त्वाचं. प्लग काढल्यावरही या कंडेन्सरमध्ये ४०० व्होल्ट बसून राहू शकतात आणि ते माणसाचा जीव घेऊ शकतात. पेचकसाने ठिणगी पाडून ते रिकामे करू नका. १० किलोओहम, १० वॅटचा रेझिस्टर कंडेन्सरच्या दोन टोकांना इन्सुलेशनच्या चिमट्याने दहा सेकंद लावा, मग मल्टिमीटरने शून्य झालं का बघा, आणि मगच हात घाला. हे कधी केलं नसेल तर जाणत्या माणसाला शेजारी बसवा. आणि स्पीकर जोडल्याशिवाय अ‍ॅम्प कधीच वाजवू नका, आउटपुट ट्रान्सफॉर्मर जळतो.

मुलाच्या अ‍ॅम्पमधल्या मोठ्या कंडेन्सरचं बूच फुगलेलं होतं आणि खाली तपकिरी डाग पडला होता. नवे दोन बसवले आणि व्हॉल्व्ह बदलले होतेच म्हणून बायसही, म्हणजे व्हॉल्व्हमधून नुसता किती प्रवाह वाहावा ते ठरवणारा दाब, पुन्हा लावला. अ‍ॅम्प सुरू केला, आवाज शून्यावर ठेवून पांढरी पाच दाबली, तर पेटी एकटीच वाजत होती.

मुलाने गिटार लावली, आवाज वाढवला आणि त्याचा चेहरा पडला. "काका, थोडं अजून आहेच की!" होतं खरं, पण हे मऊ होतं, खरखर नसलेलं, ५० हर्ट्‌झचं. मी त्याला तारांवर नुसता तळवा ठेवायला सांगितलं. आवाज जवळजवळ बंद झाला. खोलीतल्या वायरिंगची वीज त्याच्या अंगात उतरत होती आणि तिथून गिटारच्या पिकअपमध्ये, म्हणजे तारांचा कंप पकडणाऱ्या भागात, जात होती. हात तारेला लागताच तिला जमिनीची वाट मिळाली. त्या उरलेल्या आवाजाशी अ‍ॅम्पचा काही संबंध नव्हता.