बिबट्यानं शेळी मारली तर भरपाईचा अर्ज कसा करायचा?

रानात जनावर मरून पडलेलं दिसलं की माणूस आधी खड्डा काढायला घेतो. ते करू नका. कलेवर जागचं हललं की पंचनाम्याला काही उरत नाही. पाटण खोऱ्यातल्या एका वाडीत दोन शेळ्यांचा दावा याच कारणानं गेलेला मी पाहिलाय. घरात तेवढ्याच शेळ्या होत्या.

मानेवरच्या दातांच्या खुणा आणि मातीतले ठसे दिसतील असे फोटो काढा. कुत्री फिरकू देऊ नका. भटक्या कुत्र्यांनी मारलेल्या जनावराला ही भरपाई नाही, म्हणून ठसे शाबूत राहिले पाहिजेत. मग ४८ तासांच्या आत वनरक्षक, वनपाल किंवा वनपरिक्षेत्र कार्यालयाला कळवा. कुणाचा नंबर नसेल तर १९२६ ही वनविभागाची हेल्पलाइन आहे.

ही भरपाई फक्त बिबट्यापुरती नाही. माण, खटाव, जतच्या माळावर लांडग्यानं किंवा तरसानं मेंढरू मारलं, कृष्णाकाठी मगरीनं जनावर ओढलं, तरी मालकाचा हक्क आहे. गाय, बैल, म्हशीला बाजारभावाच्या ७५ टक्के किंवा ७०,००० रुपये, यांत जे कमी ते मिळतं. शेळी-मेंढीला हीच मर्यादा १५,००० आहे. बाजारभाव पशुवैद्यकीय अधिकारी ठरवतात, त्यामुळे पंचनाम्याला ते येतील हे बघाच.

अर्ज परिक्षेत्र कार्यालयात देता येतो. सोबत आधार, पासबुकाच्या पहिल्या पानाची प्रत, फोटो, पंचनामा आणि पशुवैद्यकांचा दाखला लावायचा. अर्ज दिल्याची पोच घेतल्याशिवाय तिथून निघू नका.

सगळ्यात जास्त दावे अडू शकतात ते कानातल्या बिल्ल्यावर. १ जून २०२४ पासून बिल्ला नसलेल्या जनावराला वन्यप्राण्याच्या हल्ल्याची भरपाई मिळत नाही. बिल्ल्यावरचा बारा आकडी क्रमांक आजच वहीत उतरवून ठेवा.

आता जिवाला लागलेली गोष्ट. बिबट्या शिकारीवर परत येतो, हे गावाला माहीत असतं, आणि रागाच्या भरात कुणीतरी कलेवरावर विषारी औषध टाकतं. त्यानं बिबट्या तर मरतोच, पण कोल्हा, तरस, गावची कुत्रीही मरतात. तो गुन्हा आहे, शिवाय आसपास वन्यप्राणी मेलेला सापडला की शेतकऱ्याची भरपाईही अडकते. ज्याची म्हैस गेली त्याचा राग खरा असतो. म्हणून पहिल्या रात्री त्याच्याजवळ बसून कागद लिहून देणारं कुणीतरी गावात हवं. कराड, शिराळा, वाळव्याच्या उसात बिबट्या आता कायमचा राहतोय. प्रत्येक गावात दोन पोरांनी एवढं काम अंगावर घेतलं तरी पुष्कळ आहे.

धनगर बांधवांना एकच विनंती: दिवाळीनंतर मेंढरं बाहेर काढण्याआधी बिल्ले मारून घ्या. परमुलखात हल्ला झाला तर तिथल्याच वनविभागाला कळवा, गावी परत येईपर्यंत थांबू नका.