आधी अक्षरे, मग शाळा : कॅनडाच्या उत्तरेतील शिक्षणाची पार्श्वभूमी

कॅनडातील आदिवासी मुलांच्या शिक्षणाविषयी बोलताना सुरुवात बहुधा निवासी शाळांपासून, म्हणजे मुलांना घरापासून दूर ठेवून शिकवणाऱ्या शाळांपासून, होते आणि ते स्वाभाविकही आहे. चर्चने चालवलेल्या आणि सरकारने पैसा पुरवलेल्या या शाळांत सुमारे 1,50,000 मुले गेली, असे या शाळांची चौकशी करणाऱ्या सत्य आणि सलोखा आयोगाने 2015 च्या अंतिम अहवालात नमूद केले. परंतु पूर्व आर्क्टिकमधील इनुइट या आदिवासी समाजाची हकीकत समजून घ्यायची तर आणखी मागे जावे लागते, कारण तेथे लिहिणे-वाचणे शाळेच्या कितीतरी आधी पोहोचले होते.

जेम्स इव्हान्स या मेथडिस्ट मिशनऱ्याने 1840 मध्ये नॉर्वे हाउस येथे क्री या आदिवासी लोकांच्या भाषेसाठी एक अक्षरलिपी तयार केली. तिच्यात व्यंजनासाठी एक आकृती असते आणि ती कोणत्या दिशेला वळलेली आहे यावरून स्वर ठरतो. इनुइट लोकांच्या इनुक्टिटुट भाषेसाठी पुढे रूढ झालेल्या रूपात टोक वर असलेला कोन म्हणजे ‘पि’. तोच उजवीकडे वळला की ‘पु’ आणि डावीकडे वळला की ‘पा’. व्यंजन आणि स्वर एकाच चिन्हात बांधण्याची ही कल्पना इव्हान्सला लघुलिपीबरोबरच देवनागरीवरूनही सुचली असावी, असे अनेक अभ्यासक मानतात. मराठी वाचकाला ही लिपी चटकन उमगते ती कदाचित त्यामुळेच. एडमंड पेक या अँग्लिकन मिशनऱ्याने 1876 पासून हडसन उपसागराच्या किनाऱ्यावर आणि 1894 नंतर कंबरलँड साउंडमध्ये तिचा प्रसार केला. मात्र खरा प्रसार झाला तो घराघरांतून. आईबापांनी मुलांना शिकवले, एका तळावरची माणसे दुसऱ्या तळावर गेली तेव्हा लिपीही सोबत गेली, आणि शाळेची इमारत दृष्टीसही न पडलेली माणसे एकमेकांना पत्रे लिहू लागली.

शिक्षण मातृभाषेत देता येत नव्हते, असेही नाही. कॅनडाच्या पूर्व टोकाच्या लॅब्रडॉरमध्ये 1771 पासून नेन येथे असलेल्या मोरेव्हियन या प्रोटेस्टंट पंथाच्या मिशनऱ्यांनी रोमन लिपीत का होईना, पण इनुक्टिटुटमध्येच शिकवले. ग्रीनलंडमध्ये तर 1840 च्या दशकातच स्थानिक शिक्षक घडवणारे विद्यालय सुरू झाले होते.

पश्चिमेला, मॅकेंझी नदीच्या खोऱ्यात, चित्र वेगळे होते. डेने लोकांच्या या प्रदेशात फोर्ट प्रॉव्हिडन्स येथे 1867 मध्ये कॅथलिक जोगिणींनी मुलांना ठेवून घेऊन शिकवायला सुरुवात केली आणि पुढे ‘हे रिव्हर’ व अक्लाविक या गावांतही मिशनच्या निवासी शाळा निघाल्या. दक्षिणेत 1920 च्या कायदादुरुस्तीने आदिवासी मुलांवर शाळेची सक्ती झाली, तरी अतिउत्तरेकडे सरकारने फारसे लक्ष दिले नाही. इनुइट लोक शिकार करत, फासे लावत, कोल्ह्यांची कातडी विकत राहिले तर सरकारी तिजोरीवर भार पडणार नाही, हा त्यामागचा साधा हिशेब होता. त्यांची जबाबदारी कोणाची, यावर क्वेबेक प्रांत आणि केंद्र सरकार भांडत राहिले आणि 1939 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ती केंद्राची असल्याचा निर्वाळा दिला. त्यानंतरही दशकभर फारसे काही हलले नाही.

हा हिशेब बिघडला तो दुसऱ्या महायुद्धानंतर. कोल्ह्याच्या कातड्याचे भाव कोसळले, क्षयाची साथ पसरली, शीतयुद्धामुळे आर्क्टिकमध्ये रडारची ठाणी उभी राहू लागली. उत्तरेचा कारभार आपण आजवर जवळजवळ बेध्यानपणेच चालवला, अशी कबुली पंतप्रधान लुई सेंट लॉरां यांनी 1953 मध्ये संसदेत दिली आणि उत्तरेच्या कारभारासाठी नवे खाते निर्माण झाले. या खात्याने शाळांचा सपाटाच लावला. 1955 मध्ये शाळेच्या वयाच्या इनुइट मुलांपैकी 15 टक्क्यांहूनही कमी मुले शाळेत होती. 1964 पर्यंत हे प्रमाण सुमारे 75 टक्क्यांवर गेले. दहा वर्षांच्या आत एक अख्खी पिढी शाळेत बसवली गेली आणि तीही इंग्रजी शाळेत. आजच्या बहुतेक प्रश्नांची मुळे, माझ्या मते, या घाईत आहेत.

नव्या व्यवस्थेत शाळा सरकारची आणि वसतिगृह चर्चकडे, अशी वाटणी होती. इनुविक येथे 1959 मध्ये कॅथलिकांसाठी ग्रोलियर हॉल आणि अँग्लिकनांसाठी स्ट्रिंजर हॉल अशी दोन मोठी वसतिगृहे उभी राहिली. शिकायला एकच शाळा, पण राहायला धर्मपंथानुसार वेगवेगळी छपरे, असा तो प्रकार होता. हडसन उपसागराच्या पश्चिम किनाऱ्यावरील चेस्टरफील्ड इनलेटच्या टर्केटिल हॉलमध्ये दूरदूरच्या तळांवरून मुले आणली जात. पुढे नुनावुत या इनुइटबहुल प्रदेशाचे कमिशनर झालेले पिता इर्निक यांना 1958 मध्ये नाउयाटजवळच्या कुटुंबाच्या तळावरून एका पाद्र्याने बोटीतून तेथे नेले, असे त्यांनी स्वतः अनेकदा सांगितले आहे. या वसतिगृहातील लैंगिक अत्याचारांना 1993 मध्ये माजी विद्यार्थ्यांच्या मेळाव्यात वाचा फुटली.

मुले वर्षातले बहुतेक महिने शाळेत असल्याने शिकारीचे, बर्फ ओळखण्याचे, कातडी शिवण्याचे शिक्षण खुंटले, ही बाजू पुष्कळदा सांगितली जाते. तितकीच महत्त्वाची गोष्ट तळांवर घडत होती. मुलांपासून दूर राहणे असह्य झालेली कुटुंबे तळ सोडून शाळेच्या गावी येऊ लागली. मुलांना शाळेत पाठवले नाही तर सरकारकडून मिळणारा कुटुंबभत्ता थांबेल, ही भीतीही होतीच. फिरत्या जीवनाचा शेवट करणारे कोणतेही फर्मान निघाले नाही, पण शाळेची घंटा जिथे वाजते तिथे राहणे भाग पडले आणि आजची बरीच गावे अशी वाढली.

1960 च्या दशकाच्या सुरुवातीला पूर्व आर्क्टिकमध्ये छोटी वसतिगृहेही निघाली होती. त्यांत थोडीच मुले इनुइट जोडप्याच्या देखरेखीखाली आपली भाषा बोलत राहत. कुटुंबे गावात स्थिरावल्यावर ती बहुतेक बंद पडली आणि या प्रयोगाचा शाळेच्या वर्गावर काहीच परिणाम झाला नाही.

या शाळांनी दुखावलेल्यांतूनच त्यांना आव्हान देणारे नेतेही निघाले, हेही नोंदवले पाहिजे. चर्चिल या गावातील व्यवसाय प्रशिक्षण केंद्रात ठिकठिकाणचे इनुइट तरुण प्रथमच एकत्र आले. जॉन अमागोआलिक आणि होजे कुसुगाक त्यांपैकीच; पहिल्याचे नाव नुनावुतच्या निर्मितीशी, तर दुसऱ्याचे 1976 मध्ये इनुक्टिटुटचे लेखन प्रमाणित करण्याशी जोडलेले आहे.

देशभरच्या आदिवासी संघटनांनी 1972 मध्ये शिक्षणावर स्वतःचे नियंत्रण मागितले. उत्तर क्वेबेकमध्ये 1975 च्या करारातून क्री आणि इनुइट लोकांची स्वतंत्र शाळामंडळे आली, तर आज इकालुइट म्हणून ओळखल्या जाणाऱ्या गावी 1979 मध्ये शिक्षक-प्रशिक्षण सुरू झाले. केंद्र सरकारने 2008 मध्ये निवासी शाळांबद्दल माफी मागितली. तिच्यातून वगळलेल्या लॅब्रडॉरची माफी मात्र 2017 मध्ये मागितली गेली. मोरेव्हियनांच्या मातृभाषेतील शाळा तेथे 1949 नंतर, म्हणजे न्यूफाउंडलंड कॅनडात सामील झाल्यावर, इंग्रजीकडे वळल्या होत्या.

1 एप्रिल 1999 रोजी नुनावुत अस्तित्वात आले तेव्हा शाळा इनुक्टिटुटमध्ये येतील, अशी सर्वांची धारणा होती. पण प्रत्यक्षात तसे झाले नाही. माजी न्यायाधीश थॉमस बर्जर यांनी नुनावुतविषयीच्या 2006 च्या अहवालात सांगितले की इनुइट मुलांपैकी जेमतेम एक चतुर्थांश माध्यमिक शिक्षण पूर्ण करतात आणि बाकीच्यांना दोन्ही भाषांत धड पाय रोवता येत नाहीत. नुनावुतच्या 2008 च्या शिक्षण कायद्याने सर्व इयत्तांत द्विभाषिक शिक्षणासाठी 2019-20 ही मुदत घातली. शिक्षकच पुरेसे नसल्याने 2020 मध्ये ती 2039 पर्यंत पुढे ढकलण्यात आली. वर्षभरात, ऑक्टोबर 2021 मध्ये, इनुइट लोकांचे प्रतिनिधित्व करणाऱ्या नुनावुत टुंगाविक या संस्थेने याच प्रश्नावर नुनावुत सरकारला न्यायालयात खेचले.