येझी स्तेफान स्ताविन्स्की: पोलिश चित्रपटांमागचा लेखक

१९५६ नंतर पोलिश चित्रपटाला जो बहर आला, त्याची चर्चा बहुधा आंजेय वायदा आणि आंजेय मुंक या दिग्दर्शकांभोवतीच फिरते. या दोघांनाही कथा आणि पटकथा पुरवणारे येझी स्तेफान स्ताविन्स्की (१९२१–२०१०) पोलंडबाहेर फारसे कोणाला ठाऊक नाहीत.

१ ऑगस्ट १९४४ रोजी वॉर्सामध्ये जर्मनांविरुद्ध सुरू झालेला उठाव ६३ दिवसांनी चिरडला गेला. स्ताविन्स्की तेव्हा मोकोतूफ भागात गृहसेना या भूमिगत पोलिश प्रतिकार-सैन्याच्या तुकडीत होते आणि शेवटच्या दिवसांत भुयारी गटारांतून निसटू पाहणाऱ्यांत तेही होते. पुढे ते युद्धकैदी झाले. गृहसेनेची निष्ठा लंडनमधून चालणाऱ्या निर्वासित पोलिश सरकारशी असल्याने युद्धानंतर आलेल्या कम्युनिस्ट राजवटीने तिच्या अनेक सैनिकांना तुरुंगात टाकले, आणि उठावाविषयी मोकळेपणाने लिहिणे जवळजवळ अशक्य झाले. स्टालिनच्या मृत्यूनंतर हे वातावरण सैल होऊ लागले, तेव्हा कुठे १९५६ मध्ये स्ताविन्स्कींची गटारांतील त्या प्रवासावरची ‘कनाऊ’ (म्हणजे गटार) ही कथा प्रसिद्ध झाली.

तिच्यावर वायदांनी केलेला त्याच नावाचा चित्रपट हा उठावावरचा पहिलाच कथापट होता. १९५७ च्या फ्रान्समधील कान चित्रपट महोत्सवात त्याला परीक्षक मंडळाचा विशेष पुरस्कार स्वीडिश दिग्दर्शक बर्गमनच्या ‘सेव्हन्थ सील’बरोबर विभागून मिळाला. मायदेशातले स्वागत मात्र थंड होते. आपल्या माणसांचे शौर्य पडद्यावर पाहायला आलेल्या प्रेक्षकांना अंधारात, घाणीत वाट चुकून मरणारी माणसे दिसली.

परंतु स्ताविन्स्कींचा खरा स्वभाव मुंकच्या चित्रपटांत अधिक उघडपणे दिसतो, असे मला वाटते. ‘रुळांवरचा माणूस’ हा दोघांचा आधीचा चित्रपट. रेल्वेखाली सापडून मेलेला एक जुना इंजिनचालक घातपाती होता की प्रामाणिक कामगार, हे त्यात वेगवेगळ्या साक्षींतून उलगडत जाते; सर्वत्र घातपाती शोधणाऱ्या राजवटीत हा प्रश्नच धाडसाचा होता. १९५८ च्या ‘एरोइका’त ते पुन्हा उठावाकडे वळले, पण या वेळी नायक आहे काळाबाजार करून पोट भरणारा, लढण्याची मुळीच हौस नसलेला एक इसम, ज्याच्यावर जर्मनांच्या बाजूच्या हंगेरियन तुकडीशी वाटाघाटींचे काम नकळत येऊन पडते. दुसऱ्या भागात कैद्यांच्या छावणीतील एक अधिकारी पळून गेल्याची आख्यायिका सर्वांना धीर देत असते. प्रत्यक्षात तो छावणीतच लपून बसलेला असतो, आणि हे गुपित जाणणारे मोजके लोक आख्यायिका टिकावी म्हणून गप्प राहतात. एकाच युद्धानुभवातून वायदांनी शोकांतिका घडवली आणि मुंकने उपहास. शौर्याविषयीचा संशय मात्र मुळात लेखकाचा होता.

१९६० च्या ‘तिरळे नशीब’मध्ये हा उपहास टोकाला गेला. त्यातला पिश्चिक प्रत्येक राजवटीशी जुळवून घेऊ पाहतो आणि प्रत्येक वेळी तोंडघशी पडतो. पुढच्याच वर्षी मुंक मोटार अपघातात गेले. स्ताविन्स्कींनी नंतर स्वतःही काही चित्रपट दिग्दर्शित केले, तरी तसा जोडीदार त्यांना पुन्हा मिळाला नाही. पिश्चिकला मात्र त्यांनी सोडले नाही. १९८० च्या दशकाच्या अखेरीस, दुसऱ्या दिग्दर्शकासाठी, त्यांनी त्याची पुढची हकिकत लिहिली.