हार्लेगो की नवारो? 1982 च्या दोन फिलिपिनो चित्रपटांचे संकलक

'हिमाला' आणि 'ओरो, प्लाता, माता' या दोन चित्रपटांच्या संकलकांच्या नावांची अदलाबदल सहज होते. दोन्ही चित्रपट 1982 चे, दोन्हींमागे 'एक्सपरिमेंटल सिनेमा ऑफ द फिलिपिन्स' ही एकच सरकारी संस्था, आणि पुढे दोन्हींचे डिजिटल पुनरुज्जीवनही एबीएस-सीबीएन या फिलिपिनो माध्यमसंस्थेनेच करून घेतले. मात्र 'हिमाला'चे संकलन आयके हार्लेगो ज्युनियर यांचे आहे आणि 'ओरो, प्लाता, माता'चे जेस नवारो यांचे.

हार्लेगो यांच्या कामाची ओळख त्याआधीच, म्हणजे 1975 च्या लिनो ब्रोका दिग्दर्शित 'मायनिला'मध्ये, झाली होती. तिथे श्रेयनामावलीत त्यांच्या जोडीला एदगार्दो हार्लेगो हेही नाव दिसते आणि आडनावाच्या साम्यामुळे आणखी एक घोळ होतो. 'हिमाला'त दिग्दर्शक इश्माएल बेर्नाल यांनी इलोकोस नोर्ते प्रांताच्या कोरड्या भूमीवर हजारोंचा जमाव उभा केला. शेवटी नोरा ऑनर साकारत असलेली एल्सा, जिला लोक चमत्कार करणारी मानतात, चमत्कार मुळात नाहीतच असे त्या जमावाला सांगते, तेव्हा आपण तिच्या बोलण्याला खिळून राहतो. गोळी सुटते आणि क्षणात सगळीकडे पळापळ होते. आधीची स्थिरता पुरेशी ताणली गेली नसती, तर ती पळापळ केवळ गोंधळ वाटली असती, आणि माझ्या मते संकलकाची खरी कसोटी इथेच आहे.

नवारो यांच्यापुढचा प्रश्न निराळा होता. पेके गालागा यांचा 'ओरो, प्लाता, माता' सव्वातीन तासांच्या आसपास चालतो. नेग्रोस बेटावरील साखरमळ्यांच्या धनिक घराण्यांची दुसऱ्या महायुद्धातील वाताहत त्यात आहे. शीर्षकातले शब्द जिन्याच्या पायऱ्या मोजण्याच्या जुन्या समजुतीतून आले आहेत: सोने, रूपे, मरण, आणि शेवटची पायरी मरणावर येऊ नये. चित्रपट मेजवानीने सुरू होतो आणि मेजवानीनेच संपतो. मधल्या वनवासाची आणि हत्याकांडाची लांबी प्रेक्षकाला पुरेशी जाणवली, तरच त्या दुसऱ्या मेजवानीतले हसू अंगावर येते, त्यामुळे इथे घाई केली असती तर सगळेच फसले असते.

नवारो म्हणजे लांबलचक चित्रपटांचे संकलक, असा मात्र समज करून घेऊ नये. माइक दे लिऑन यांचे 'किसापमाता' (1981) आणि 'बॅच 81' (1982) हे दोन्ही चित्रपटही त्यांनीच संकलित केले, आणि 'किसापमाता'मध्ये तर एका निवृत्त पोलिसाच्या घराचे दार लागले की प्रेक्षकाला श्वास घ्यायला जागा उरत नाही.

श्रेयनामावली वाचताना एवढे ध्यानात ठेवावे: 'जेस' हे 'हेसुस'चे लघुरूप असल्याने हेसुस नवारो हे वेगळे गृहस्थ नव्हेत, आयके आणि एदगार्दो मात्र दोन निरनिराळ्या व्यक्ती आहेत.