रिचमंड, जॉन ली

(५ मे १८५७ – १ ऑक्टोबर १९२९). अमेरिकन डावखुरा पिचर (बॅटरकडे चेंडू टाकणारा खेळाडू) आणि बेसबॉलच्या व्यावसायिक लीगमधील पहिल्या ‘परफेक्ट गेम’चा मानकरी. प्रतिस्पर्धी संघाच्या एकाही बॅटरला धावमार्गावरील पहिल्या थांब्यावर, म्हणजे पहिल्या बेसवर, पोचू न देता जिंकलेला सामना म्हणजे ‘परफेक्ट गेम’. ओहायओ राज्यातील शेफील्ड येथे जन्म. ओबर्लिन येथे काही काळ शिकून तो ब्राउन विद्यापीठात गेला. तेथील संघाने १८७९ मध्ये महाविद्यालयांत अव्वल स्थान मिळवले, त्यात त्याच्या गोलंदाजीचा वाटा मोठा होता. विद्यार्थी असतानाच, २ जून १८७९ रोजी, वुस्टर संघाकडून शिकागोविरुद्धच्या प्रदर्शनीय सामन्यात त्याने ७ इनिंगांत (आळीपाळीने येणाऱ्या छोट्या डावांत) एकही हिट (बॅटरला बेस मिळवून देणारा फटका) दिली नाही. सप्टेंबरमध्ये बॉस्टनकडून तो एक लीग सामना खेळला. १८८० मध्ये वुस्टरला नॅशनल लीग या प्रमुख व्यावसायिक लीगमध्ये प्रवेश मिळाला आणि रिचमंड त्या संघाचा मुख्य पिचर झाला.

१२ जून १८८० रोजी वुस्टर येथे त्याने क्लीव्हलंडचे २७ बॅटर ओळीने बाद केले. एकालाही पहिल्या बेसवर पोचता आले नाही. ते दिवस ब्राउन विद्यापीठातील पदवीदानाचे होते. आदल्या रात्री तो वर्गमित्रांबरोबर जागाच होता आणि पहाटे आणखी एक सामना खेळून गाडीने वुस्टरला आला, असे सांगितले जाते. सामना वुस्टरने १–० असा जिंकला आणि ती एकमेव धावही क्लीव्हलंडच्या क्षेत्ररक्षणातील चुकीमुळे मिळाली. क्लीव्हलंडच्या बिल फिलिप्सने उजवीकडे मारलेला चेंडू सहज हिट ठरला असता. पण वुस्टरचा राइट फील्डर (उजव्या बाजूचा दूरचा क्षेत्ररक्षक) लॉन नाइटने तो उचलून थेट पहिल्या बेसवर फेकला आणि फिलिप्स धावतानाच बाद झाला. शेवटाकडे पाऊस आला, काही मिनिटे खेळ थांबला.

या कामगिरीचे मोल ठरवताना त्या वेळचे नियम ध्यानात घ्यावे लागतात. पिचरच्या चौकटीची पुढची रेषा होम बेसपासून ४५ फुटांवर होती (आजचे ६० फूट ६ इंच अंतर १८९३ मधले). चेंडू कमरेखालून टाकावा लागे, तो उंच हवा की खाली हे बॅटर सांगू शके, आणि चुकीचे ८ चेंडू पडल्यावरच त्याला पहिला बेस मिळे. फाउल (बाजूच्या रेषांबाहेर गेलेला) चेंडू एका टप्प्यावर झेलला तरी बॅटर बाद, आपल्या गल्ली क्रिकेटमधल्या ‘एक टप्पा आउट’सारखाच. यांतील ८ चेंडूंची सवलत आणि हा टप्पा पिचरच्या बाजूचे आहेत, त्यामुळे काहींना हा विक्रम आजच्या तोडीचा वाटत नाही. मात्र तेव्हाचे क्षेत्ररक्षक बहुधा उघड्या हातांनी खेळत आणि चुका रोजच्याच असत. संपूर्ण सामन्यात एकही चूक होऊ न देणे हे सवलतींहून अवघड मानणे अधिक सयुक्तिक दिसते. ‘परफेक्ट गेम’ ही संज्ञा तेव्हा रूढ नव्हती. अधिकृत व्याख्या १९९१ मध्ये ठरली आणि ती या सामन्याला पूर्णपणे लागू पडते. पाचच दिवसांनी, १७ जूनला, प्रॉव्हिडन्सच्या जॉन माँटगोमेरी वॉर्डनेही तेच साधले. नॅशनल लीगमध्ये त्यानंतरचा असा सामना मात्र थेट १९६४ मध्ये जिम बनिंगच्या नावावर जमा झाला.

त्या एका हंगामात रिचमंडने ७४ सामन्यांत सुमारे ५९० इनिंग टाकल्या; विजय ३२, पराभवही ३२. आज कोणत्याही हातावर एवढा भार टाकला जात नाही, आणि त्याचा हातही पुढे पूर्वीसारखा राहिला नाही. १८८२ नंतर वुस्टर संघ लीगमध्ये राहिला नाही. १८८३ मध्ये रिचमंड प्रॉव्हिडन्सकडून आणि १८८६ मध्ये थोडा काळ सिनसिनाटीकडून खेळला. एकूण विजय ७५, पराभव १००.

खेळत असतानाच त्याने वैद्यकाचे शिक्षण पुरे केले. काही वर्षे ओहायओत वैद्यकी केल्यावर तो शिक्षकी पेशात आला. टोलीडो येथील हायस्कुलांत तो दीर्घकाळ शिकवत होता. गणित हा त्याचा एक विषय. पुढे टोलीडो विद्यापीठातही त्याने काम केले. टोलीडो येथे त्याचे निधन झाले.