जॉक वॉलेसच्या वाळूच्या टेकड्या: पायांचा परतावा कुठे जातो?

फुटबॉलचा हंगाम जवळ आला की एखादी तरी चित्रफीत फिरू लागते. खेळाडू वाळूच्या चढावर धावताहेत, माथ्यावर पोहोचून ओणवे होऊन ओकताहेत आणि खाली कुणीतरी लिहिलंय, ‘याला म्हणतात तयारी!’ या सरावाशी फुटबॉलमध्ये कायमचं जोडलं गेलेलं नाव म्हणजे स्कॉटलंडचा गोलरक्षक आणि पुढे मॅनेजर झालेला जॉक वॉलेस. वाळूत पळवल्याने पाय तयार होतात हा त्याचा अंदाज बरोबर होता, पण ओकारीचा तयारीशी काही संबंध नाही. या दोन गोष्टींची गल्लत आजही होते.

वॉलेसचा जन्म 1935 चा, एडिनबराच्या पूर्वेला वॉलीफर्ड गावातला. वडीलही गोलरक्षक होते. लष्करात असताना तो मलायाच्या जंगलात होता. 28 जानेवारी 1967 रोजी स्कॉटिश चषकात बॅरिक रेंजर्स या छोट्याशा संघाने ग्लासगोच्या बलाढ्य रेंजर्सना 1-0 असं हरवलं, तेव्हा बॅरिकचा गोली वॉलेस होता आणि मॅनेजरही तोच. पुढे 1970 मध्ये ज्यांना हरवलं त्याच रेंजर्सनी त्याला प्रशिक्षक म्हणून बोलावलं. 1972 मध्ये संघाने बार्सिलोनात डायनॅमो मॉस्कोला 3-2 हरवून युरोपियन कप विनर्स कप जिंकला आणि लगेच वॉलेस मॅनेजर झाला. 1975 मध्ये त्याने सेल्टिक या ग्लासगोच्याच प्रतिस्पर्धी संघाची सलग 9 लीग विजेतेपदांची मालिका मोडली. 1975-76 आणि 1977-78 या दोन हंगामांत लीग, स्कॉटिश चषक आणि लीग चषक असे तिन्ही किताब एकदमच जिंकले. नंतर लेस्टर, मदरवेल, पुन्हा रेंजर्स, सेव्हिया या संघांचा मॅनेजर म्हणून प्रवास झाला. 1996 मध्ये तो वारला.

खेळाडूंना तो वॉलीफर्डपासून जवळच्या गलनच्या किनाऱ्यावर नेत असे. तिथल्या एका वाळूच्या टेकडीला ‘मर्डर हिल’ हेच नाव पडलं. ही पद्धत मुळात त्याची नव्हती. ऑस्ट्रेलियात प्रशिक्षक पर्सी सेरुटीने पोर्टसीच्या वाळूच्या टेकड्यांवर धावपटू हर्ब इलियटला घडवलं होतं, आणि इलियटने 1960 च्या रोम ऑलिम्पिकमध्ये 1500 मीटरचं सुवर्णपदक जिंकलं.

आता वाळूकडे वळू. कठीण जमिनीवर पळताना आपण प्रत्येक पावलाचं भाडं पूर्ण रोखीने भरत नाही. 70 किलोचा माणूस सेकंदाला साडेचार मीटर वेगाने पळत असेल, तर पाऊल टेकल्यावर शरीराची साधारण 100 ज्यूल गतिज आणि स्थितिज ऊर्जा क्षणभर कमी होते आणि उसळताना ती पुन्हा भरून काढावी लागते. 1987 च्या एका प्रसिद्ध अभ्यासानुसार यातले सुमारे 35 ज्यूल पोटरीला टाचेशी जोडणाऱ्या जाड दोरीत, म्हणजे अकिलिस टेंडनमध्ये, ताणाच्या रूपाने साठतात आणि आणखी 17 ज्यूल तळपायाच्या कमानीत. टेंडन ताणलं की साठवलेल्या ऊर्जेपैकी 90 टक्क्यांहून जास्त परत देतं. थोडक्यात, निम्म्या कामाचा परतावा फुकट मिळतो आणि स्नायूंना उरलेल्या निम्म्याचाच भार उचलावा लागतो.

कोरड्या वाळूत या हिशोबाला भोक पडतं. पाऊल दाबलं की कण एकमेकांवर घासत सरकतात आणि तुमचं काम घर्षणात उष्णता होऊन जातं. वाळूत स्प्रिंग नसल्यामुळे ते परत येत नाही. 1998 मध्ये बेल्जियमच्या संशोधकांनी मोजलं, तेव्हा वाळूत पळायला कठीण जमिनीच्या 1.6 पट ऊर्जा लागत होती, पण यांत्रिक काम जेमतेम 1.15 पट होतं. सगळी गंमत या दोन आकड्यांमधल्या फरकात आहे. काम थोडंच वाढलं, मग खर्च इतका का वाढावा? कारण पायाखालचा आधार सरकत असल्यामुळे स्नायू आणि टेंडन मिळून जे उसळीचं काम करतात, त्याची कार्यक्षमताच घसरते. टेंडन जे फुकट करत होतं ते स्नायूला स्वतः आखडून करावं लागतं, आणि आखडणारा स्नायू इंधनाचा जेमतेम पाव भाग कामात बदलतो. चालण्याची अवस्था त्याहून वाईट आहे. तिथे खर्च 2.1 ते 2.7 पट होतो.

ओली वाळू मात्र कडक असते. भरतीच्या रेषेजवळच्या ओल्या पुळणीवर पाऊल रोवून बघा. पावलाभोवतीची वाळू क्षणात कोरडी, फिकट दिसू लागते. पाणी दाबून बाहेर पडायला हवं होतं, ते उलट आत गेलेलं असतं. घट्ट बसलेल्या कणांना सरकायचं तर एकमेकांवर चढावं लागतं, त्यामुळे मधली पोकळी वाढते आणि पृष्ठभागावरचं पाणी त्या पोकळीत ओढलं जातं. कणांमध्ये अडकलेलं पाणी त्यांना एकमेकांवर ओढून धरतं आणि जमीन टणक होते. पाय उचलला की पावलाच्या ठशात पाणी परत साचतं. ऑस्बोर्न रेनॉल्ड्सने 1885 मध्ये हे नेमकं समजावून सांगितलं. भरतीच्या वरची, वाऱ्याने रचलेली टेकडी कोरडी असते आणि तिचे कण साधारण एकाच मापाचे असतात, म्हणून तिथे हा कडकपणा मिळत नाही.

त्यात चढ. कोरड्या वाळूचा ढीग साधारण 32 ते 34 अंशांपेक्षा उभा राहत नाही, आणि त्या मर्यादेजवळच्या उतारावर पाऊल टाकलं की थर खाली घसरतो. समजा, 60 सेंटिमीटरच्या पावलात 20 सेंटिमीटर घसरण झाली. मग पदरात 40 पडतात आणि तेवढ्याच चढाला दीडपट पावलं लागतात. 75 किलोच्या खेळाडूला 20 मीटर उंच चढायला मुळात 14,700 ज्यूल काम करावं लागतं. या घसरणीमुळे ते 22,000 च्या घरात जातं. मात्र वेग कमी आणि जमीन मऊ असल्यामुळे गुडघ्याला बसणारा धक्का कमी होतो. कमी आघातात स्नायूंवर जबर भार, हे वाळूचं खरं देणं आहे.

मग ओकारी कशामुळे होते? जोरदार श्रमात रक्त पोटाकडून पायांकडे वळतं. जठरात अन्न असेल तर ते तसंच पडून राहतं आणि रक्तातली आम्लता वाढल्याने मळमळ होते. याचा अर्थ एवढाच की वेग जास्त झाला किंवा जेवण उशिरा झालं. यातून स्टॅमिना वाढल्याचा कोणताही पुरावा मिळत नाही. दुसऱ्या दिवशीच्या दुखण्याला ‘लॅक्टिक ॲसिड साचलं’ म्हणणंही चूक आहे. लॅक्टेट साधारण तासाभरात रक्तातून निघून जातं. ते दुखणं स्नायूतंतूंच्या बारीक इजेचं असतं आणि ती इजा उतारावरून पळत खाली येताना जास्त होते. म्हणून माथ्यावरून चालतच खाली या.

करायचंच असेल तर सुरुवात ओल्या पट्ट्यावर 10 मिनिटांच्या हलक्या धावण्याने करावी. मग चढावर 10 ते 15 सेकंदांच्या 6 धावा, प्रत्येकीनंतर चालत उतरून श्वास बसेपर्यंत थांबायचं. आठवड्यातून दोनदा पुरे, मध्ये किमान 48 तास. भुसभुशीत वाळूत टाच बोटांपेक्षा खाली रुतते आणि पोटरी व अकिलिस नेहमीपेक्षा जास्त ताणले जातात. पहिल्या आठवड्यातली बहुतेक दुखणी इथलीच. सकाळी उठल्यावर टाचेच्या वर कडकपणा जाणवला तर त्या दिवशी वाळू बंद.

शेवटच्या 4-5 धावा मात्र हिरवळीवर पूर्ण वेगाने काढाव्यात. पूर्ण वेगातलं पाऊल जमिनीवर सेकंदाचा जेमतेम दहावा भाग टेकतं, तर वाळूत ते जास्त वेळ रेंगाळतं आणि टेंडनला झटकन ताणून सोडण्याची सवय सुटते. गोलीला ते सर्वात आधी बाधतं. फटका बसण्याच्या क्षणी तो जागच्या जागी जी बारीक उडी घेतो आणि त्यातून बाजूला झेपावतो, ती झेप याच स्प्रिंगवर उठते.